मासिक पाळी आणि कोठ्याचा क्रम

घरांत कोणाचें पोट बिघडलें म्हणजे त्याची चर्चा उघडपणें होते. आजोबांचा कोठा दोन दिवस साफ झाला नाहीं, हें वृत्त सकाळच्या चहाबरोबर घरभर पसरतें; धाकट्या मुलाला किती वेळां जुलाब झाले, याचा हिशेब शेजारणीलाही ठाऊक असतो. एरंडेल, हिरडा, ओवा, सुंठ यांची शिफारस करण्यास प्रत्येकजण तत्पर असतो. परंतु त्याच घरांतील एखादी तरुण मुलगी किंवा गृहिणी दर महिन्याला कांहीं दिवस याच तक्रारीनें हैराण होत असली, तर ती गोष्ट मात्र कोणाच्या कानीं जात नाहीं. कारण तिची तक्रार मासिक पाळीच्या अनुषंगानें येते, आणि पाळीचें नांव निघतांच कोठ्याविषयींचा तो सारा मोकळेपणा नाहींसा होतो. या मौनामुळें दोन प्रकारचें नुकसान होतें. जें स्वाभाविक आहे त्याची भीति वाटत राहते, आणि जो खरोखर रोग आहे तो स्वाभाविक समजून सोसला जातो. हें नुकसान टाळावयाचें तर शरीराचा हा मासिक क्रम नीट समजून घेणें अवश्य आहे.

पाळीच्या दिवसांत ओटीपोट दुखतें, कंबर धरते, हें सर्वांस माहीत आहे. त्याच सुमारास शौचाच्या नित्यक्रमांतही फेरफार होतो, ही गोष्ट मात्र पुष्कळ सुशिक्षित घरांतूनही अज्ञात असते. हा फेरफार साधारणतः दोन टप्प्यांनीं होतो. पाळी येण्यापूर्वींच्या कांहीं दिवसांत कोठा जड होतो. पोट फुगल्यासारखें वाटतें, नेसूचें वस्त्र कमरेला आवळूं लागतें, शौचास जाऊनही समाधान होत नाहीं. पुढें स्राव सुरू झाला, किंवा सुरू होण्यास एखादा दिवस उरला, कीं चित्र पालटतें. काल जें पोट कशालाही दाद देत नव्हतें, तेंच आज सकाळपासून तीन-चार वेळां धांव घ्यावयास लावतें. मुरडा येतो, मल पातळ होतो, आणि ओटीपोटांतील कळ गर्भाशयाची कीं आंतड्याची, हें त्या स्त्रीला स्वतःलाही सांगतां येत नाहीं. एक-दोन दिवसांत हा प्रकार शमतो आणि कोठा पूर्ववत् चालूं लागतो. प्रत्येकीच्या वांट्याला दोन्ही टप्पे येतात असें नाहीं. कोणाला केवळ मलावरोध जाणवतो, कोणाला केवळ पहिल्या दिवसाचे ढाळ, आणि कोणाला यांपैकीं कांहींच जाणवत नाहीं.

हा अनुभव विरळा नाहीं. कॅनडांतील मॅनिटोबा येथील संशोधकांनीं २०१४ सालीं प्रसिद्ध केलेल्या एका पाहणींत १५६ निरोगी स्त्रियांना पाळीपूर्वींच्या व पाळीच्या दिवसांतील त्यांच्या पोटाची स्थिति विचारण्यांत आली. त्यांपैकीं ७३ टक्के स्त्रियांनीं निदान एक तरी तक्रार होत असल्याचें सांगितलें. पातळ शौचाची तक्रार पाळीपूर्वीं २४ टक्के आणि पाळी चालू असतां २८ टक्के स्त्रियांनीं नोंदविली. या सर्व स्त्रिया निरोगी होत्या, ही गोष्ट येथें विशेष ध्यानांत ठेवण्यासारखी आहे. ज्या मुलीला असें वाटतें कीं हा विचित्र प्रकार आपल्या एकटीच्याच वांट्याला आला आहे, तिला एवढी एकच माहिती मिळाली तरी तिच्या मनावरचें अर्धें ओझें उतरेल.

आतां या फेरफाराचें कारण काय, तें पाहूं गेलें असतां प्रथम बीजकोशाकडे वळावें लागतें. पाळीच्या चक्राच्या साधारण मध्यावर बीजकोशांतून बीज बाहेर पडतें. तें ज्या पुटकुळींतून निघतें, तिचें रूपांतर एका पिवळसर ग्रंथींत होतें. तिला पीतपिंड असें नांव आहे. या पीतपिंडांतून प्रोजेस्टेरॉन नांवाचें द्रव्य रक्तांत मिसळूं लागतें. १९३४ सालीं शास्त्रज्ञांनीं तें शुद्ध स्वरूपांत वेगळें केलें. गर्भ राहिलाच तर त्याच्यासाठीं गर्भाशयाचें अस्तर तयार ठेवणें, आणि गर्भाशयाच्या स्नायूंना शांत राखणें, हीं त्याचीं मुख्य कामें होत. परंतु हें द्रव्य रक्ताबरोबर सर्व शरीरांत फिरतें. आंतड्याच्या भिंतींतील स्नायूही गर्भाशयाच्या स्नायूंप्रमाणेंच आपल्या इच्छेच्या ताब्यांत नसलेल्या जातीचे आहेत, आणि त्यांच्यावरही या द्रव्याचा शिथिल करणारा परिणाम होतो. आंतड्याची चाल मंदावली म्हणजे मल तेथें अधिक वेळ रेंगाळतो. जितका तो रेंगाळतो, तितकें त्यांतील पाणी शोषलें जातें, आणि तो कठीण होतो. गरोदरपणांत हेंच द्रव्य पुष्कळ मोठ्या प्रमाणांत असतें, आणि गर्भवतीची बद्धकोष्ठाची तक्रार तर प्रत्येक सुईणीला माहीत असते.

याबाबतींत शास्त्रज्ञांचें मत सर्वस्वीं एक आहे असें मात्र समजूं नये. १९८१ सालीं अमेरिकेंत झालेल्या एका अभ्यासांत असें दिसलें कीं, चक्राच्या उत्तरार्धांत अन्नाचा आंतड्यांतील प्रवास पूर्वार्धापेक्षां अधिक वेळ घेतो. उलट १९८९ सालीं लंडनमधील संशोधकांनीं हीच गोष्ट पुन्हां तपासली, तेव्हां निरोगी स्त्रियांत त्या प्रवासाच्या गतींत लक्षणीय फरक आढळला नाहीं. यावरून एवढाच बोध घ्यावयाचा कीं, मलावरोधाचा हा टप्पा प्रत्येकींत सारखा नसतो. आहार, झोंप, हालचाल आणि मनाची स्थिति यांचाही त्यांत वांटा असतो. दुसऱ्या टप्प्याविषयीं, म्हणजे पहिल्या दिवसाच्या ढाळांविषयीं, कारण अधिक स्पष्ट झालेलें आहे.

गर्भ राहिला नाहीं कीं पीतपिंड सुकून जातो व प्रोजेस्टेरॉनचें प्रमाण एकाएकीं खालीं येतें. तें खालीं येतांच गर्भाशयाच्या अस्तरांत प्रोस्टाग्लॅंडिन नांवाचीं द्रव्यें मोठ्या प्रमाणांत तयार होतात. या नांवाची कथा मनोरंजक आहे. स्वीडनचे शास्त्रज्ञ उल्फ फॉन ऑयलर यांनीं १९३५ च्या सुमारास पुरुषाच्या वीर्यांत हीं द्रव्यें ओळखलीं, आणि पुरुषाच्या प्रोस्टेट ग्रंथीवरून त्यांना हें नांव दिलें. पुढें १९५७ सालीं इंग्लंडांतील व्ही. आर. पिकल्स यांनीं मासिक स्रावांत स्नायूंना आकुंचित करणारें एक द्रव्य असल्याचें दाखविलें, आणि तेंही याच कुळांतलें ठरलें. अशा रीतीनें ज्याचें नांव पुरुषाच्या ग्रंथीवरून पडलें, तेंच स्त्रियांच्या मासिक कळांचें कारण निघालें. या द्रव्यांच्या संशोधनाबद्दल बेरिस्ट्रोम, सॅम्युएल्सन आणि व्हेन या तिघांना १९८२ सालीं नोबेल पारितोषिक मिळालें. ॲस्पिरिनसारखीं औषधें हीं द्रव्यें तयारच होऊं देत नाहींत, हें व्हेन यांनीं १९७१ सालीं सिद्ध केलें होतें. त्या शोधाचा उपयोग पुढें स्त्रियांना कसा झाला, तें यथाक्रम येईलच.

प्रोस्टाग्लॅंडिनमुळें गर्भाशय आवळतो, अस्तर सुटून बाहेर पडतें, आणि त्या आवळण्यानेंच कळा येतात. परंतु गर्भाशयाला लागूनच मागें मलाशय आहे, भोंवतीं आंतड्यांचीं वेटोळीं आहेत. हीं द्रव्यें गर्भाशयापुरतीं राहत नाहींत. कांहीं अंश आजूबाजूला व रक्तांत जातो. तेथें तीं आंतड्याच्या स्नायूंनाही आवळावयास लावतात आणि आंतड्यांत पाण्याचा स्राव वाढवितात. परिणामीं मल पातळ होतो व वरचेवर जावें लागतें. हा तर्क केवळ पुस्तकी नाहीं. प्रसूतीनंतर रक्तस्राव थांबेना, तर डॉक्टर प्रोस्टाग्लॅंडिनच्याच जातीचें कार्बोप्रोस्ट नांवाचें औषध टोंचतात. त्यानें गर्भाशय आवळतो खरा, पण पुष्कळ बाळंतिणींना त्याबरोबर जुलाबही होतात. औषधानें जें घडतें, तेंच सौम्य प्रमाणांत निसर्ग दर महिन्याला घडवितो. 'काल कांहीं तरी बाधलें असेल' असें म्हणून जी मुलगी आदल्या दिवशींच्या जेवणाला दोष देते, तिनें पुढील महिन्यांत तारीख पाहावी. पुष्कळदां दोषी जेवण नसून ती तारीखच असते.

मूत्राविषयींही एक शब्द सांगितला पाहिजे. पाळीपूर्वीं कांहीं स्त्रियांच्या अंगांत पाणी सांचतें. हात-पाय जड होतात, बांगड्या घट्ट वाटतात. स्राव सुरू झाल्यावर तें पाणी उतरूं लागतें आणि लघवीस अधिक वेळां जावें लागतें. त्यांत जळजळ, ताप किंवा दुर्गंधी नसेल, तर चिंतेचें कारण नाहीं.

मल, मूत्र आणि आर्तव यांचा परस्परसंबंध भारतीय वैद्यकाला अपरिचित नव्हता. मल, मूत्र, आर्तव आणि गर्भ या सर्वांना खालीं नेऊन बाहेर टाकण्याचें कार्य चरकसंहितेंत एकाच अपानवायूकडे सोंपविलेलें आहे. यावरून त्या काळच्या वैद्यांना प्रोस्टाग्लॅंडिन ठाऊक होतें असा अर्थ काढूं नये. तो अतिरेक होईल. परंतु रुग्णाकडे बारकाईनें पाहणाऱ्या त्या वैद्यांना हीं तिन्हीं कार्यें बरोबरीनें बिघडतात आणि बरोबरीनें सुधारतात, हें दिसलें होतें, एवढें निश्चित. त्याच ग्रंथाच्या सूत्रस्थानांत 'न वेगान्धारणीय' नांवाचा एक स्वतंत्र अध्याय आहे. कोणते वेग अडवूं नयेत, हें त्यांत सांगितलें आहे. अशा तेरा वेगांत मूत्र आणि मल यांची गणना अगदीं प्रारंभीं केली आहे.

वेग अडवूं नये हा उपदेश करणें सोपें आहे. तो पाळतां येईल अशी व्यवस्था स्त्रियांसाठीं किती ठिकाणीं आहे, हा खरा प्रश्न आहे. चाळींतील सामायिक शौचकूपासमोर सकाळीं रांग लागते. त्या रांगेंत पाळीच्या पहिल्या दिवशीं एकाच मुलीला दुसऱ्यांदा, तिसऱ्यांदा उभें राहावें लागलें, तर तिच्याकडे वळणाऱ्या नजरा तिला पोटांतल्या मुरड्याहून असह्य होतात. एकच न्हाणीघर असलेल्या बिऱ्हाडांतही दारावर थाप मारून 'किती वेळ?' असें विचारणारें कोणी ना कोणी असतेंच. शाळेंतील शौचकूप अस्वच्छ असला, त्याच्या दाराला कडी नसली किंवा आंत पाणी नसलें, तर मुलगी सकाळपासून पाणी पिणेंच कमी करते. पाणी कमी, त्यांत वेग अडविलेला. मग मल सुकतो, मूत्र दाटतें, आणि पाळीपूर्वींचा मलावरोध दुणावतो. वरचेवर असें केल्यानें मलाशयाला भरल्याची जाणीवच मंद होत जाते, आणि तरुणपणींच बद्धकोष्ठाची, चिरेची किंवा मूळव्याधीची पीडा मागें लागते. नोकरी करणाऱ्या स्त्रियांची अडचणही याहून निराळी नाहीं. मुंबईंत पुरुषांना मुतारी फुकट व स्त्रियांना मात्र पैसे, या अन्यायाविरुद्ध २०११ सालापासून 'राइट टू पी' या नांवानें स्त्रियांनीं चळवळ चालविली. ती मागणी सुखसोयीची नव्हती, आरोग्याची होती, हें वरील विवेचनावरून ध्यानांत येईल.

या सर्वांवर घरांत काय उपाय करतां येईल? पहिली गोष्ट म्हणजे दोन टप्प्यांना दोन निराळे उपचार लागतात, हें ओळखणें. पाळीपूर्वींच्या आठवड्यांत आहारांत चोथा व पाणी वाढवावें. ज्वारी-बाजरीची भाकरी, पालेभाज्या, पेरू, भिजविलेलें अंजीर, हे पदार्थ महाराष्ट्रांतील घरांना नवे नाहींत. ज्यांचें पोट फार फुगतें, त्यांनीं त्या दिवसांत उसळी बेताच्या खाव्या. इसबगोल घ्यावयाचें झाल्यास थोडक्या प्रमाणानें आरंभ करून त्याबरोबर भरपूर पाणी प्यावें. पाण्यावांचून घेतलेलें इसबगोल उलट अडसर होऊं शकतें. सकाळीं शौचाची वेळ ठरलेली असावी व तेथें घाई नसावी. रोजचें फिरणें पाळी जवळ आली म्हणून बंद करूं नये.

येथें एक चूक पुष्कळ घरांत होते, ती टाळली पाहिजे. चार दिवस कोठा साफ झाला नाहीं म्हणून पाळीच्या आदल्या रात्रीं एरंडेल किंवा सोनामुखी दिली जाते. दुसऱ्या दिवशीं स्राव सुरू होतो, त्याबरोबर शरीराचा स्वतःचा रेच सुरू होतो, आणि त्यांत औषधाच्या रेचाची भर पडते. मुलगी दिवसभर गळून जाते, आणि दोष मात्र पाळीच्या माथीं मारला जातो. तारीख जवळ आली असल्यास तीव्र रेचक घेऊं नये. एक-दोन दिवस वाट पाहिली तर बहुधा निसर्गच तें काम करतो.

पाळीच्या पहिल्या दिवसांत उपचार याच्या उलट. तिखट, तळलेलें, कडक चहा व कॉफी कमी करावी. मऊ भात, मुगाची खिचडी, केळें, ताक असा हलका आहार असावा. ढाळ अधिक झाल्यास मीठ-साखरेच्या पाण्याचें तयार पूड मिळतें तें योग्य प्रमाणांत पाण्यांत मिसळून घ्यावें. ओटीपोट शेकल्यानें कळा कमी होतात, हें आजीबाईंचें ज्ञान आधुनिक प्रयोगांनींही मान्य केलें आहे. शौचानंतर धुतांना हात पुढून मागें न्यावा, म्हणजे मलांतील जंतु मूत्रमार्गाकडे जात नाहींत. हें लहानपणींच मुलींना शिकविलें पाहिजे, आणि पाळीच्या दिवसांत तर तें विशेष कटाक्षानें पाळलें पाहिजे.

औषधांविषयीं थोडें. आयब्युप्रोफेन, नॅप्रोक्सेन, मेफेनॅमिक ॲसिड हीं औषधें प्रोस्टाग्लॅंडिनची उत्पत्ति रोखतात. म्हणून तीं कळांवर गुणकारी ठरतात आणि कित्येकींच्या बाबतींत पहिल्या दिवसाचे ढाळही त्यांनीं आटोक्यांत येतात. कळा अगदीं असह्य होईपर्यंत न थांबतां आरंभींच घेतल्यास त्यांचा गुण अधिक. परंतु तीं उपाशीपोटीं घेऊं नयेत. ज्यांना पोटांतील व्रण, मूत्रपिंडाचा विकार किंवा दमा आहे, अथवा ज्या गर्भवती असण्याचा संभव आहे, त्यांनीं डॉक्टरांना विचारल्यावांचून हीं औषधें घेऊं नयेत. मेफेनॅमिक ॲसिडनें कांहीं जणींना उलट जुलाबच होतात. तसें दिसल्यास तें औषध बंद करून डॉक्टरांकडून दुसरें मागावें. लोहाच्या गोळ्यांचीही गोष्ट येथें सांगणें अवश्य आहे. २०१९ ते २०२१ या काळांत झालेल्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीप्रमाणें भारतांतील १५ ते ४९ वर्षांच्या स्त्रियांपैकीं ५७ टक्के स्त्रिया पंडुरोगानें, म्हणजे रक्तक्षयानें, ग्रस्त होत्या. त्यामुळें लोहाच्या गोळ्या घरोघरीं घेतल्या जातात. या गोळ्यांनीं मल काळसर होतो आणि बद्धकोष्ठही होतें. त्यानें घाबरून गोळ्या टाकून देऊं नयेत. डॉक्टर मात्रा किंवा प्रकार बदलून देऊं शकतात.

येथवर सांगितलें तें स्वाभाविक फेरफाराविषयीं. आतां दुसरी बाजू. स्वाभाविक फेरफाराची खूण अशी कीं, तो सौम्य असतो, पाळीबरोबर येतो, पाळीबरोबर जातो, आणि त्यानें रोजचें काम अडत नाहीं. जेथें ही खूण जुळत नाहीं, तेथें तपासणी करून घेतली पाहिजे. आंतड्याची क्षोभशील प्रकृति असलेल्या स्त्रिया पुष्कळ आहेत; डॉक्टर तिला इरिटेबल बॉवेल सिंड्रोम म्हणतात. त्यांची पोटदुखी व ढाळ महिनाभर अधूनमधून चालूच असतात आणि पाळींत ते उसळी घेतात. अशा स्त्रियांना पाळीचा दोष म्हणून गप्प बसविणें म्हणजे त्यांच्या मूळ विकाराकडे पाठ फिरविणें होय.

याहून गंभीर अशी दुसरी व्याधि म्हणजे एंडोमेट्रिऑसिस. या व्याधींत गर्भाशयाच्या अस्तरासारखी पेशीजाल गर्भाशयाबाहेर रुजते. कधीं बीजकोशावर, कधीं गर्भाशयाच्या मागें, तर कधीं मलाशयाच्या भिंतीवर. दर पाळीला तेथेंही दाह होतो, आणि हळूहळू अवयव एकमेकांना चिकटूं लागतात. अशा स्त्रीला पाळीच्या दिवसांत शौचास बसणें म्हणजे शिक्षा वाटते. वेदना इतकी तीव्र कीं ती खाणेंच टाळूं लागते. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजाप्रमाणें जगांतील प्रजननक्षम वयाच्या सुमारें १० टक्के, म्हणजे जवळजवळ १९ कोटी स्त्रियांना व मुलींना ही व्याधि आहे. या व्याधीचें निदान होण्यास पुष्कळदां कित्येक वर्षें लागतात. त्या विलंबाचा मोठा भाग डॉक्टरांच्या दारापर्यंत पोंचण्यापूर्वींच, घरांत खर्ची पडतो. 'बाईच्या जन्माला हें आलेंच', 'लग्न झालें कीं थांबेल', 'एक मूल झालें कीं सुटेल', अशीं सांत्वनें मुलीला दिलीं जातात. सांत्वन देणाऱ्यांचा हेतु वाईट नसतो. परंतु त्या वर्षांत रोग मात्र थांबून राहत नाहीं.

म्हणून कांहीं लक्षणें पाठ असावीं. मलावाटे रक्त जाणें. पाळी चालू असल्यानें रक्त कोठलें हें न समजल्यास पाळी संपल्यावर पुन्हां पाहावें, पण दर महिन्याला तोच संशय येत असेल तर थांबूं नये. लोहाची गोळी चालू नसतां डांबरासारखा काळा मल होणें. पाळीच्या दिवसांत शौचाच्या वेळीं असह्य वेदना. झोंपेंतून उठविणारे ढाळ. पाळी संपल्यावरही न थांबणारा बिघाड. ताप, कारणावांचून वजन घटणें, वरचेवर उलट्या. चाळिशी-पंचेचाळिशीनंतर शौचाच्या संवयींत नव्यानें पडलेला आणि टिकून राहिलेला फरक. यांपैकीं एकही आढळल्यास घरगुती काढ्यांत वेळ न दवडतां डॉक्टरांकडे जावें. आणि तेथें गेल्यावर केवळ 'पोट दुखतें' एवढेंच सांगून परत येऊं नये. पाळीच्या कोणत्या दिवशीं, किती वेळां, कसा मल झाला, हें स्पष्ट सांगावें.

हें स्पष्ट सांगतां यावें म्हणून एक साधें साधन आहे. घरोघरीं भिंतीवर दिनदर्शिका असते. दुधाचा व इस्त्रीचा हिशेब तिच्यावर मांडला जातो. तीन महिने त्याच रीतीनें एखाद्या लहान वहींत पाळीचा पहिला दिवस, शौचाची वेळ व स्वरूप, आणि वेदना किती, यांची खुणेनें नोंद ठेवावी. मलाच्या स्वरूपाचे सात प्रकार दाखविणारा एक तक्ता इंग्लंडांतील ब्रिस्टल येथील डॉक्टरांनीं तयार केला असून तो १९९७ पासून जगभर प्रचारांत आहे. कठीण गोळ्यांपासून निव्वळ पाण्यापर्यंत त्यांत क्रम लावलेला आहे. त्यांतील केवळ आंकडा लिहिला तरी पुरतें. शब्द लिहिण्याचा संकोच उरत नाहीं. तीन महिन्यांच्या अशा नोंदीवरून स्वाभाविक कोणतें व अस्वाभाविक कोणतें, हें डॉक्टरांस लवकर उमगतें, आणि त्या स्त्रीला स्वतःलाही आपल्या शरीराची चाल समजूं लागते. कोणत्या दिवशीं प्रवास टाळावा, कोणत्या दिवशीं हलकें जेवावें, परीक्षेच्या सकाळीं कितीला उठावें, हें तिला आधींच ठरवितां येतें.

पूर्वीं महाराष्ट्रांतील पुष्कळ घरांत पाळी आलेल्या स्त्रीला बाहेर बसवीत. 'आईला कावळा शिवला' असें मुलांना सांगितलें जाई. त्या रीतींत एक विलक्षण विसंगति होती. ती बाहेर बसली आहे हें घरादाराला, आल्यागेल्याला, शेजाऱ्यापाजाऱ्याला कळे. पण तिला काय होत आहे, हें कोणालाच कळत नसे. तिची पाळी जाहीर होती आणि तिची व्यथा मात्र गुप्त होती. र. धों. कर्वे यांनीं १९२७ सालीं 'समाजस्वास्थ्य' मासिक सुरू करून शरीरविषयक प्रश्नांवर मराठींत उघडपणें लिहिण्यास आरंभ केला, आणि १९५३ सालीं निधन होईपर्यंत तें व्रत त्यांनीं सोडलें नाहीं. त्यांना कोर्टाचीं दारें पाहावीं लागलीं. पुढें बाहेर बसण्याची चाल शहरांतील बहुतेक घरांतून गेली. ती गेली म्हणून संकोचही आपोआप गेला, असें मात्र झालें नाहीं.

हा संकोच घालविण्यास मोठ्या क्रांतीची आवश्यकता नाहीं. मुलगी वयांत येते त्या वेळीं आई तिला स्रावाविषयीं सांगते. त्याच वेळीं 'या दिवसांत पोटही बिघडतें, त्याला भ्यावयाचें नाहीं, आणि फार झालें तर मला सांगावयाचें' एवढें वाक्य तिनें अधिक बोलावें. वडिलांनीं व भावांनीं त्या सकाळीं न्हाणीघराच्या दारावर थाप मारूं नये. शिक्षिकेनें तास चालू असतां मुलीनें परवानगी मागितली तर कारण न विचारतां द्यावी, आणि शाळेच्या चालकांनीं शौचकूपाला कडी, पाणी आणि दिवा आहे कीं नाहीं तें स्वतः जाऊन पाहावें. आजोबांच्या कोठ्याची चौकशी ज्या सहजतेनें होते, त्याच सहजतेनें घरांतील लेकीसुनांच्या प्रकृतीची चौकशी होऊं लागली, तर कित्येकींची भीति एका शब्दानें जाईल, आणि कित्येकींचा रोग वेळींच हातीं लागेल.